हॅलमसाहेबांचं गाव

प्रत्येक माणसाच्या काळजात एक गाव असतं. माणूस जगाच्या पाठीवर कुठेही जाऊन राहो, कितीही मोठ्या खुर्चीत बसो, त्या गावाचं नुसतं नाव काढलं की तो आतून हलतो, त्याचे डोळे पाणावतात आणि तो समोरच्याचं काम करून टाकतो. प्रताप खांबेटे याचा या सिद्धान्तावर गाढ विश्वास होता. त्याचं स्वतःचं गाव गुहागर. तिथे तो आयुष्यात एकदाच, सातवीत असताना गेला होता आणि जुलाब लागल्यामुळे दुसऱ्या दिवशी त्याला ठाण्याला परत आणावं लागलं होतं.

पण सिद्धान्त सिद्धान्ताच्या जागी. दोह्यात कोणीही मराठी माणूस भेटला की प्रतापचा पहिला प्रश्न असे, "गाव कुठलं तुमचं?" समोरचा म्हणे, पुणे. मग दुसरा प्रश्न येई, "ते झालं हो, मूळ गाव?" या दोन प्रश्नांवर त्याने कतारमध्ये चौदा वर्षं निभावून नेली होती. अल मुंतझातला फ्लॅट त्याला मिळाला तो इमारतीचा मॅनेजर कुडाळचा निघाला म्हणून. मंडळाच्या गणपतीत आरतीला पहिल्या रांगेत जागा मिळे ती अध्यक्षांच्या आजोळी गुहागरची सून होती म्हणून.

नोकरी मात्र त्याला शिक्षणावर मिळाली होती. एका कन्सल्टन्सीत तो पावसाच्या पाण्याचा निचरा बघणारा इंजिनिअर होता. कतारमध्ये पाऊस वर्षातून दोन-चारदा पडतो. उरलेले दिवस प्रताप त्याची तयारी करत असे. यंदा तर डिसेंबरही कोरडा गेला आणि इतकी तयारी खरंच लागते का, अशी शंका वरच्या मजल्यावर कुणाला तरी आली. जूनमध्ये प्रतापचं कॉन्ट्रॅक्ट संपत होतं. ते वाढणार की नाही, हे कुणी बोलत नव्हतं, आणि ऑफिसात कुणी बोलत नसलं की त्याचा अर्थ सगळ्यांना कळतो.

त्याची मुलगी ईश्वरी अकरावीत होती. तिच्या शाळेतला अभ्यासक्रम इंग्लंडचा, दोन वर्षांचा आणि मध्येच न तोडता येणारा. बापाची नोकरी असेल तर बापाचा देशात राहण्याचा परवाना, बापाचा परवाना असेल तर मुलीची शाळा. प्रतापला फार काही नको होतं. फक्त एक वर्ष हवं होतं.

अशा वेळी, जानेवारीत, कीथ हॅलम नावाचा नवा साहेब आला. उंच, वाळकुडा, पन्नाशीचा, कोपरापर्यंत बाह्या दुमडलेला. पहिल्याच भेटीत प्रतापने पाणी कुठे मुरतं ते बघितलं. "सर, युवर नेटिव्ह प्लेस?"

हॅलमसाहेबांनी क्षणभर विचार केला. कुठल्यातरी रकान्यात काय भरलं होतं ते आठवावं तसा. "ऑल्डर्सविक," ते म्हणाले. "छोटं मार्केट टाउन आहे. तुम्हाला माहीत नसेल."

प्रतापला या उत्तरातला विनय फार आवडला. कोकणातला माणूसही असाच सुरुवात करतो. छोटंसं आहे हो, तुम्हाला माहीत नसेल, असं म्हणतो आणि मग तासभर थांबत नाही. हॅलमसाहेब मात्र तिथेच थांबले आणि त्यांनी मॅनहोलच्या झाकणांचा विषय काढला. इंग्रज माणूस भिडस्त असतो, हे प्रतापने ऐकलं होतं.

त्या आठवड्यापासून खांबेट्यांच्या घरात ऑल्डर्सविक राहायला आलं. तिथल्या इतिहासप्रेमी मंडळींनी आपलं सगळं संशोधन इंटरनेटवर फुकट टाकून ठेवलं होतं. ते वाचणारा इंग्लंडबाहेरचा पहिला माणूस बहुधा प्रतापच असावा.

"ऐक," तो जेवताना शैलजाला म्हणे, "तेराव्या शतकात राजाने सनद दिली. दर बुधवारी आठवडी बाजार भरवावा म्हणून. आणि दोन बाजारांत अंतर किती ठेवायचं? तर माणूस सकाळी चालत निघाला, बाजार केला, की उजेडात घरी परतला पाहिजे. काय डोकं आहे बघ."

"गुहागरचा बाजार कधी असतो?" शैलजाने विचारलं. ती एका शाळेत गणित शिकवायची आणि तिचे प्रश्न गणितासारखेच, एकच उत्तर असलेले असत.

"गुहागरचा... त्याचा इथे काय संबंध?"

"नाही, सहज विचारलं."

गावाची रचना प्रतापला तोंडपाठ झाली. उत्तरेला चुनखडीची टेकडी, तिच्यावर मेंढ्या. दक्षिणेला लेन नावाची नदी, तिचा गावाला पडलेला वळसा. मेंढ्यांमुळे लोकर, लोकरीमुळे पैसा, पैशामुळे गावाच्या मानाने फारच मोठं चर्च. मधोमध बाजारचौक आणि चौकात खांबांवर उभं राहिलेलं छप्पर, त्याचं नाव बटर क्रॉस, कारण बायका तिथे लोणी विकायला बसत. एका भटारखान्यातून आग लागून अर्धं गाव जळालं. मग रेल्वे आली, पण जमीनदाराच्या घोड्या बिचकतील म्हणून स्टेशन गावाबाहेर दोन मैलांवर झालं. पुढे रेल्वेही गेली. घोड्या त्याआधीच गेल्या होत्या.

"बाबा, धिस इज क्रीपी," ईश्वरी म्हणाली. तिला मराठी सगळं कळायचं, पण उत्तर इंग्रजीत निघायचं. "तो तुझा बॉस आहे. यू कान्ट स्टडी हिम."

"मी त्याचा नाही, त्याच्या गावाचा अभ्यास करतोय. आणि तुझ्यासाठीच करतोय!"

"माझ्यासाठी तू केमिस्ट्री कर," ईश्वरी म्हणाली. हे मात्र तिने मराठीत म्हटलं.

ऑफिसात प्रतापने बेताबेताने सुरुवात केली. फेब्रुवारीत कॉफीच्या मशीनपाशी साहेब एकटे सापडले, तेव्हा तो हळूच म्हणाला, "सर, या दिवसांत लेनला पूर असेल. शीप स्ट्रीटच्या खालच्या बाजूला पाणी शिरत असेल."

हॅलमसाहेबांनी त्याच्याकडे बघितलं. "शिरत असेल," ते म्हणाले आणि कप घेऊन निघून गेले.

नंतरच्या मीटिंगमध्ये त्याने उताराचा मुद्दा समजावताना ऑल्डर्सविकच्या चौकातल्या दगडी गटाराचा दाखला दिला. साहेबांनी पेन खाली ठेवलं, पुन्हा उचललं आणि म्हणाले, "यल्ला, पुढचा मुद्दा." यल्ला म्हणजे अरबीत 'चला'; सगळे इंग्रज दोह्यात उतरल्यावर आठवडाभरात तसं म्हणायला लागतात, म्हणून प्रतापने तिकडे लक्ष दिलं नाही.

शेजारच्या टेबलावर दिलावर बसायचा. ड्राफ्ट्समन, पेशावरचा. त्याचंही कॉन्ट्रॅक्ट जूनमध्येच संपत होतं, पण तो त्याविषयी काहीही करत नव्हता, आणि हे काहीही न करणं तो मोठ्या निष्ठेने करायचा.

"खांबेटे साहब," तो म्हणाला, "ये आदमी आपसे डरने लगा है."

"डरने नहीं, पिघलने लगा है."

"अच्छा? चेहरे से तो डर ही लगता है."

पण नुसत्या बोलण्याने होणार नाही, हे प्रतापलाही उमगलं होतं. साहेबाला घरी जेवायला बोलवायला हवं. मार्चमधल्या एका शुक्रवारी दुपारचं ठरलं. मुंतझातल्या एका छपाईच्या दुकानातून प्रतापने ऑल्डर्सविकचा जुना नकाशा चांगल्या जाड कागदावर छापून घेतला आणि सूक वाकिफच्या जुन्या बाजारातून त्याला लाकडी चौकट करून आणली. चौकटीवर उंट कोरलेले होते. दुसरी नव्हती.

हॅलमसाहेब वेळेवर आले. दारात त्यांनी बूट काढले, न सांगता. मग सरळ बाल्कनीच्या दारापाशी जाऊन खाली बघत उभे राहिले. खाली बाग, बागेपलीकडे रस्ता, रस्त्यापलीकडे दुकानं.

"इथे कोपऱ्यावर एक—" ते म्हणाले.

"सर, ऑल्डर्सविकच्या कोपऱ्यावर," प्रताप म्हणाला, "जुनी लोकरीची वखार होती. आता तिथे दातांचा डॉक्टर आहे."

"असं?" साहेब म्हणाले.

जेवायला बसल्यावर शैलजाने चमचा पुढे केला, पण साहेबांनी मसालेभात हाताने, चार बोटांत नीट गोळा करून खाल्ला. डाळिंब्यांची उसळ दोनदा मागून घेतली. जेवणानंतर कॉफी चालेल का, असं विचारल्यावर म्हणाले, "करक असेल तर." दोह्यात टपरीवर मिळणाऱ्या, उकळून उकळून लाल केलेल्या दुधाळ चहाला करक म्हणतात. शैलजाने त्यांच्याकडे नीट बघितलं.

"तुम्ही या भागात आधी आला होतात का?" तिने विचारलं.

"हो, म्हणजे खरं तर मी—"

"शैलजा, साहेबांना जरा बोलू दे," प्रताप म्हणाला आणि स्वतः बोलायला लागला. आग बोलून झाली, घोड्या बोलून झाल्या, बुधवारचा बाजार कुठल्या राजाने दिला ते झालं. ईश्वरी मान खाली घालून ताटातलं लोणचं न्याहाळत होती. शेवटी प्रतापने कपाटामागून नकाशा काढला आणि दोन्ही हातांनी साहेबांपुढे धरला.

हॅलमसाहेबांनी आधी उंट पाहिले, मग नकाशा. बराच वेळ ते काहीतरी शोधत होते.

"बायपास कुठे आहे यात?"

"सर, हा जुना नकाशा आहे. बायपास साधारण इथे येईल." प्रतापने चौकटीवरच्या एका उंटावर बोट ठेवलं.

"मग मी इथे आहे," साहेब म्हणाले. "उंटाच्या पायाशी."

"घर, सर?"

"गोदाम. लोक सामान ठेवायला भाड्याने खोल्या घेतात ना, तशी एक. घटस्फोट झाला तेव्हा सोफा आणि दोन सायकली ठेवायला जागा हवी होती, आणि ते मोटरवेला जवळ पडतं. ऑफिसला इंग्लंडमधला पत्ता लागतो, म्हणून तोच देतो. दोनदा गेलोय मी तिथे. एकदा सामान ठेवायला, एकदा किल्ली विसरलो होतो म्हणून. गावात काही गेलो नाही. चांगलं आहे का?"

प्रतापने उंटावरचं बोट काढून घेतलं.

"मग तुमचं मूळ गाव?" हे शैलजाने विचारलं, आणि तेही चक्क मराठीत. साहेबांना मराठी येत नव्हती, पण प्रश्न कळला. त्यांनी बाल्कनीकडे हात केला.

"हे."

त्यांचे वडील तेलाच्या नोकरीत होते. कीथ तीन वर्षांचा असताना ते दोह्याला आले आणि तो सोळाचा होईपर्यंत इथेच राहिले, याच रस्त्यावर, एका बसक्या पांढऱ्या घरात. "कोपऱ्यावर एक इराणी भाकरीवाला होता. आई मला पाठवायची, आणि घरी येईपर्यंत मी अर्धी भाकरी खाल्लेली असायची. तिथे, ती गाडी उभी आहे ना पांढरी, तिथे मी सायकल शिकलो. आणि तो सगळा भाग खोलगट होता. अशा जागेला इथे रौदा म्हणतात. पाऊस पडला की आजूबाजूचं सगळं पाणी तिथे उतरायचं. कमरेएवढं! आम्ही पोरं दोन-दोन दिवस त्यात पोहायचो." त्यांचा आवाज बदलला होता. डोळेही ओले झाले होते. त्यात शंका घ्यायला जागा नव्हती. "आता त्यावर बिल्डिंगा उभ्या केल्यात. कुणीतरी सांगायला हवं होतं त्यांना. इथलं पाणी आता जातं तरी कुठे? कोण बघतं इथला निचरा?"

मुंतझाचा निचरा गेली सहा वर्षं प्रतापकडे होता. आणि ती पांढरी गाडीही त्याचीच होती.

तरी सिद्धान्त खरा ठरला होता. माणूस आतून हलला होता, फक्त गाव दुसरं होतं. असा क्षण पुन्हा यायचा नाही, हे ओळखून प्रताप खुर्ची पुढे ओढून म्हणाला, "सर, माझं कॉन्ट्रॅक्ट जूनमध्ये संपतंय. मुलीचं एकच वर्ष राहिलंय. तुम्ही जर शब्द टाकलात..."

"अरे," हॅलमसाहेब म्हणाले. त्यांना खरंच वाईट वाटलेलं दिसलं. "ते माझ्याकडे नसतं. ते अल रय्यानच्या ऑफिसात, एचआरमध्ये ठरतं. मी कोणाचंच वाढवू शकत नाही. माझंच सहा महिन्यांचं आहे."

नकाशा त्यांनी आठवणीने बरोबर नेला. गोदामात लावतो, म्हणाले.

"त्यांना मध्ये एकदा तरी बोलू दिलं असतंस तर," भांडी उचलताना शैलजा म्हणाली, "तुझे दोन महिने वाचले असते."

"आणि फ्रेम," ईश्वरी म्हणाली.

पुढच्या आठवड्यात प्रताप अल रय्यानला गेला. एचआरमध्ये फैसल नावाचा तरुण अधिकारी होता. तुमचं गाव कुठलं, हे शब्द प्रतापच्या ओठांवर आले होते, ते त्याने गिळले.

"ड्रेनेज?" फैसलने स्क्रीनवरून नजर न काढता विचारलं. "यंदा पाऊस पडला?"

"अजून नाही."

"मग बघू. इन्शाल्ला."

एप्रिलच्या शेवटी पाऊस पडला. एका दुपारीच वर्षाचा सगळा पडला. मुंतझातल्या बागेशेजारी आजूबाजूचं पाणी उतरून कमरेएवढं साचलं आणि दोन दिवस हललं नाही. तिसऱ्या मजल्यावरच्या बाल्कनीतून प्रतापला आपल्या गाडीचं फक्त छप्पर दिसत होतं. शेजारपाजारची पोरं त्यात पोहत होती. रस्त्याच्या पलीकडे, पँट गुडघ्यापर्यंत दुमडून, हॅलमसाहेब एकटेच उभे होते आणि मोबाइलवर फोटो काढत होते. दोह्याच्या निचऱ्याकडे अधिक लक्ष द्यायला हवं, यावर वरच्या मजल्याचं आता एकमत झालं.

मे महिन्यात प्रतापला एक वर्ष वाढवून मिळालं. संध्याकाळी तो घरी पेढे घेऊन गेला. वाढ ड्रेनेजमधल्या सगळ्यांनाच सरसकट मिळाली होती, दिलावरलासुद्धा.