पाहुणीच्या पुढे

दिवाळीच्या सुटीत अंबिका पुण्याहून रिठदला आली ती एकटी आली नाही. सोबत तिची वसतिगृहातली मैत्रीण होती. उंचीने बेताची, खांद्याने रुंद, कुरळ्या केसांचा भलाथोरला अंबाडा, आणि हसली की डोळे पार मिटून घेणारी. नाव लुपे. राहणारी तुवालूची. अंबिकेचे वडील जगदेव यांनी ओट्यावर बसल्या बसल्या विचारलं, "म्हंजे जिल्हा कोनता?"

"बाबा, देश हाय थो," अंबिका म्हणाली. "पॅसिफिक समुद्रात. नऊ बेटं हायेत. मानसं असतीन अकराक हजार."

जगदेवरावांना आपली कोणीतरी थट्टा करतंय असं वाटलं. "अकरा हजारात देश होते? मंग आपल्या एका रिसोडात तीन देश बसतीन की!" संध्याकाळपर्यंत ही गोष्ट त्यांनी चौकात, दूध डेअरीवर आणि सलूनात सांगून टाकली. दुसऱ्या दिवशी सकाळपासून गावातल्या बाया काहीबाही निमित्त काढून देश बघायला येऊ लागल्या.

या देशाचं काम मात्र गमतीचं नव्हतं. लुपे शंभर मीटर पळायची. ग्लासगोला राष्ट्रकुल स्पर्धा व्हायच्या होत्या, आणि तिथे धावायला तिचा संघ एकच मुलगी पाठवणार होता. तिकडे बेटावर आणखी एक मुलगी तयारीत होती. लुपे शिकायला इतक्या लांब, म्हणून संघाने तिला सवलत दिली: भारतातल्याच एखाद्या मान्यताप्राप्त प्रशिक्षकासमोर पळ, चित्रीकरण पाठव. सुटी संपायच्या आत पंधरा सेकंदांखाली आलीस तर जागा तुझी, नाही आलीस तर दुसरीची.

"तुझ्या गावात मैदान कसं हाय?" अंबिकेच्या धाकट्या बहिणीने, वैभवीने, तिला विचारलं.

"मैदान नाही, विमानतळ आहे," लुपे आपल्या हिंदी-इंग्रजीच्या खिचडीत म्हणाली. बेट इतकं चिंचोळं की मोकळी जागा म्हणजे विमानाची धावपट्टी. आठवड्यातून मोजकी विमानं येतात. एरवी संध्याकाळी सगळं गाव तिथेच. कोणी व्हॉलीबॉल खेळतंय, कोणी चटई टाकून पडलंय, आणि लुपे पळतेय. भोंगा वाजला की सगळ्यांनी बाजूला व्हायचं, विमान उतरू द्यायचं, आणि परत आपापल्या जागी यायचं.

वैभवी ऐकत राहिली. हसलीही. पण आत कुठेतरी तिला टोचत होतं, आणि का टोचतंय हे तिला चांगलंच ठाऊक होतं.

वैभवी पोलीस भरतीची पोरगी. रोज पहाटे गावातल्या पाच-सहा पोरींसोबत वाशीम रस्त्यावर पळायची. शंभर मीटरला ती चौदा सेकंदांना टेकायची. म्हणजे ही जी पोरगी देशाचा झेंडा घेऊन जगात मिरवणार होती, तिच्या चांगली पुढे. आणि वैभवी कुठे पोचली होती? गेल्या भरतीत आठशे मीटरच्या दुसऱ्या फेरीला एकामागून एक पोरी तिला मागे टाकून गेल्या, तशी ती लाजेने मधूनच पट्ट्याबाहेर पडली. घरी सांगितलं, पाय मुरगळला. तेव्हापासून ती पळत होती, पण भरतीचं नाव काढत नव्हती. आपण जन्मालाच चुकीच्या जागी आलो, असं लुपेचं बोलणं ऐकून तिला त्या रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या वाटलं. अकरा हजारांत जन्मलो असतो तर आपणही ग्लासगोला गेलो असतो. हा विचार काही चांगला नाही हे कळत होतं, पण जात नव्हता.

लुपेला पहाटेच्या पोरींसोबत पळवायचं ठरलं. पण त्याआधीच, अंबिका लुपेला गाव दाखवायला गेली असताना, वैभवीच्या आईने, भागिरथाबाईंनी, सगळ्या पोरींना अंगणात उभं करून तंबी दिली.

"पाहुनी हाय थे. जेवाले बसलो तं आधी कोनाले वाढतो? पाहुनीले. मंग पळतानीबी तिलेच पुढं जाऊ द्याचं. कोनी तिच्या पुढं गेली तं माह्याशी गाठ हाय, सांगून ठेवतो."

"पन काकू," धम्मदीपा म्हणाली. ही वैभवीची जिवाभावाची मैत्रीण, आणि जिभेला हाड नसलेली. "पळनं अन् जेवनं येगळं असते नं."

"काही येगळं नसते. एवढ्या लांबून लेकरू आलं अन् आपल्या घरी येऊन हरलं, असं लोक म्हनतीन का नाही?"

भागिरथाबाईंचा हुकूम म्हणजे सगळ्यांच्याच घरची रीत होती. पाहुण्याचं ताट आधी, पाहुण्याची आंघोळ आधी, पाहुण्याला खाट, घरच्यांना सतरंजी. तेव्हा पोरी पळू लागल्या त्या पाय आवरून. रोज लुपे पहिली, तिच्या मागे वीतभर अंतराने सगळ्या, जणू देवीच्या पालखीमागे निघाल्यात. लुपे वळून सगळ्यांना मिठ्या मारायची. घड्याळ मात्र हट्टाने पंधराच्या वरच थांबायचं.

"वेळ काहून येऊन नाही राह्यली इची?" अंबिका वैतागायची.

वैभवी बुटांच्या नाड्या सोडू लागली. तिला उत्तर ठाऊक होतं. पुढे कोणी नसलं की पाय ओढ घेत नाहीत, हे दोन वर्षं पळणाऱ्या पोरीला कोणी सांगावं लागत नाही. तिने आईला समजावलं असतं, निदान लुपेच्या कानात सांगितलं असतं. पण तिने सांगितलं नाही. आईच्या शब्दाआड उभं राहणं सोयीचं होतं. पाहुणीचा मानही राहत होता, आणि पाहुणी ग्लासगोला जाण्याची शक्यताही रोज थोडी थोडी कमी होत होती. वैभवी काही वाईट पोरगी नव्हती. पण मत्सर चांगल्या पोरींनाही होतो.

सुटीचा शेवटून दुसरा दिवस उजाडला. लुपेचं पुण्याचं तिकीट दुसऱ्या दिवशीचं. सगळी वरात काळीपिवळी जीपमध्ये कोंबून वाशीमच्या मैदानावर पोचली. जगदेवराव, अंबिका, पोरी, आणि पाहुणीला पळून भूक लागेल म्हणून धपाटे, ठेचा आणि दह्याचा डबा घेऊन स्वतः भागिरथाबाई.

मैदानावर मान्यताप्राप्त प्रशिक्षक इमरान सर वाट बघत होते. पन्नाशीचे, पांढरी टोपी, गळ्यात शिट्टी. जिल्ह्यातल्या अर्ध्या पोलिसांना त्यांनी पळवलेलं. त्यांनी अंतर फीत लावून मोजलं, चित्रीकरणासाठी मोबाइल ट्रायपॉडवर बसवला, कागदपत्रं बघितली आणि शिट्टी फुंकली.

लुपे पहिली आली, सोबत पळणाऱ्या पोरी वीतभर मागे. घड्याळ म्हणालं, पंधरा पॉइंट चार.

लुपे गुडघ्यांवर हात ठेवून वाकली ती वर उठेचना. अंबिका तिची पाठ चोळू लागली. भागिरथाबाई कळवळून म्हणाल्या, "पहिली तं आली व माय, अजून काय पाह्यजे त्याइले?"

इमरान सर मात्र लुपेकडे बघतच नव्हते. ते बाकीच्या पोरींकडे बघत होते.

"हे काय चाललं आहे बापा?" ते म्हणाले. "तुमी पळून राह्यल्या की वरातीत चालून राह्यल्या? आँ? वैभवी, तुले मी दोन साल से देखतो. ब्रेक मारून काहून पळतं तू?"

धम्मदीपाला राहवलं नाही. "सर, काकूनं सांगतलं हाय, पाहुनीच्या पुढं जाचं नाही म्हनून. आमी रोजच तिच्या मांग पळतो."

अंबिकेने हे लुपेला सांगितलं. सांगावंच लागलं. लुपे ताठ उभी राहिली. पहिल्यांदाच तिचे हसरे डोळे टक्क उघडे होते.

"रोज?" तिने वैभवीला विचारलं. "रोज असंच?"

"हो."

"आणि मी रोज तुम्हाला मिठ्या मारत होते!" तिचा आवाज चिरकला. "मला वाटलं मी चांगली पळते आहे. घरी आईला फोन करून सांगितलं मी, इथे मी रोज जिंकते."

डब्याचं झाकण धरून उभ्या असलेल्या भागिरथाबाईंना शब्द कळले नव्हते, पण लेकराचे डोळे भरले हे दिसत होतं. मान ठेवायला गेलो आणि मानच घालवला, एवढं त्यांच्या ध्यानात आलं. त्यांनी झाकण परत डब्यावर लावलं.

लुपेने नाक पुसलं. मग ती वैभवीसमोर येऊन उभी राहिली, बोलणं समजवायला अंबिका शेजारी.

"ऐक. तिथे मला कोणी पाहुणी म्हणणार नाही. बंदूक वाजली की सगळ्या माझ्या पुढे निघतील. मोठ्या देशांच्या मुली, भारी बूट. मला त्यांच्या मागे पळायचं आहे, आणि पळत राहायचं आहे. तेवढंच मला शिकायचं आहे आणि तेवढंच तुम्ही मला शिकू दिलं नाही."

"सगळ्या पुढं निघून गेल्या," वैभवी अडखळत म्हणाली, "तं थांबावंसं नाही वाटत तुले?"

"दर वेळी वाटतं. पण छातीवर देशाचं नाव असतं. मी बाहेर पडले तर लोक म्हणतील, तुवालू बाहेर पडला." मग तिला जरासं हसू आलं. "आणि पंधरा सेकंदांचं तर काम. त्यात लाजायला वेळ कुठे मिळतो?"

वैभवीने आईकडे बघितलं, वडिलांकडे बघितलं, आणि सगळ्यांसमोर म्हणाली, "आई, मांगच्या भरतीत माहा पाय मुरगळला नोता. सगळ्या पुढं गेल्या म्हनून मी बाहेर निंगाली होती." मग लुपेकडे वळली. "अन् तुह्या मांग मी आईच्या सांगन्यानं नोती पळत. तू जाऊ नये असं वाटे मले. माफ कर."

जगदेवराव खाकरले. ते उगाच धोतराचा सोगा झटकत राहिले. लुपेने वैभवीच्या खांद्यावर एक चांगली सणसणीत चापट मारली.

"मग आता पळ. सगळं पळ."

इमरान सरांनी तासभर विसावा दिला. दुसऱ्यांदा रेषेवर दोघीच उभ्या राहिल्या. शिट्टी वाजली आणि वैभवी सुटली. कित्येक दिवस आवरून धरलेले पाय तिने मोकळे सोडले. कानात वारा, खाली लाल माती, आणि मागे धपधप पावलं. तिला वाटलं होतं, पाहुणीला मागे टाकताना वाईट वाटेल. वाईट वाटलं नाही. उलट ती जितकी जोरात पळे, तितकी मागची पावलंही चेकाळत होती.

रेषा ओलांडून वैभवी वळली. लुपे येत होती. अंबाडा सुटलेला, दात आवळलेले, नजर सरळ वैभवीवर. हरणारं माणूस असं येतं हे वैभवीने कधी बघितलं नव्हतं. भरतीत ती स्वतः तर शेवटपर्यंत पळालीच नव्हती.

इमरान सरांनी घड्याळ डोळ्यांजवळ नेलं, लांब धरलं, परत जवळ आणलं. "चौदा पॉइंट आठ," ते म्हणाले. "अल्ला का शुकर. आन् वैभवी, तुही वेळ तेरा पॉइंट नऊ. समजली का?"

लुपेने किंचाळत वैभवीला उचललं आणि तिला घेऊन गरगर फिरली. भागिरथाबाईंना काही उमगेना. "हरली अन् नाचून राह्यली! कोन्या देशाची रीत हाय व हे?" असं म्हणत त्यांनी डबा उघडला, आणि यावेळी सगळ्यांना एकदमच वाढलं.

दुसऱ्या दिवशी लुपे पुण्याला गेली. त्याच आठवड्यात वैभवीने भरतीचा अर्ज भरला. आठशे मीटर अजून तिला जड जात होते, रोज धम्मदीपा तिच्या पुढे निघून जायची. वैभवी मागून शेवटपर्यंत यायची.

थंडी सरत आली तेव्हा एका संध्याकाळी अंबिकेने लुपेच्या आवाजातला निरोप मोबाइलवर पाठवला. तुवालूची मुलगी म्हणून तिचं नाव पक्कं झालं होतं. जगदेवरावांनी ते ऐकताच डेअरीवर जाऊन "आपल्या देशातून पोरगी चालली" असं सांगून पेढे वाटले. कोणता देश, हे कोणी विचारलं नाही. घरात वैभवीने तो आवाज पुन्हा लावला आणि आईला एकेक वाक्य मराठीत सांगू लागली.

"म्हनते, तिथं आठ जनी पळतीन. सात माह्या पुढं असतीन."

"हाव, मंग?"

"म्हनते, भेव नाही वाटत. त्या साती जनींले मी वैभवीच समजनार हाय. वैभवीच्या मांग कसं पळाचं थे मले येते."

भागिरथाबाई भाकरी थापता थापता थांबल्या.

"म्हंजे तिच्या पुढं साती आपल्याच पोरी?" त्या म्हणाल्या. "मंग जाऊ दे त्याइले पुढं. मी काही म्हनत नाही."