काळ्या वर्णाची चाल

हेमंतातली रात्र. फ्रान्समधल्या ल्यों नगरीच्या कुशीतून सोन नदी मंद मंद सरकत होती. काठावरच्या दीपमालांचे सुवर्णबिंब पाण्यात थरथरत होते, मोडत होते, पुन्हा जुळत होते.

जुन्या दगडी पुलावर एका लघुपटाचे चित्रीकरण चालले होते. एक स्त्री रात्री एकटी पूल ओलांडते, एवढीच कथा. ती स्त्री होती रुक्मा पाडवी. सातपुड्याच्या पायथ्याची, अक्कलकुव्याची लेक, अभिनय शिकायला सातासमुद्रापार आलेली. वर्णाने काळी. सावळी नव्हे, काळी! नुकत्याच नांगरलेल्या रानासारखी ओली, सघन, तेजाळ काळी.

"चेहरा अंधारात बुडतोय," दिग्दर्शक एतिएन म्हणाला. "हिला उजळ रंग लावा."

रंगभूषेची मुलगी डबी घेऊन आली. त्या भुकटीचा गंध रुक्माच्या ओळखीचा होता. आश्रमशाळेच्या नाटकात राणी व्हायचे म्हणून बाईंनी तशीच भुकटी तिच्या गालांवर थापली होती. नंदुरबारच्या फोटो स्टुडिओत थापली होती. दर वेळी आरशातून एक राखेची बाहुली तिच्याकडे पाही, आणि रुक्मा कुठेच नसे.

तिने त्या मुलीचा हात अलगद बाजूला सारला.

"मी रंग लावणार नाही."

"अगं, पण तू दिसणारच नाहीस!" एतिएन म्हणाला.

"रात्रीचा सिनेमा करतोस, आणि काळ्या रंगाला भितोस?"

एतिएनचा चेहरा ताठरला. "मग ही भूमिका दुसरीला द्यावी लागेल."

"दे. पण आज हा पूल मीच ओलांडणार."

आणि ती निघाली. दगडावर पाऊल, पावलामागे पाऊल.

"कॅमेरा बंद करा!" एतिएन ओरडला.

कॅमेऱ्यामागे ओदील होती. रुपेरी केसांची, मितभाषी. तिने कॅमेरा बंद केला नाही. हात लांबवून तिने शेजारचा प्रखर दिवाच मालवला.

"चालत राहा, पोरी," ती पुटपुटली.

तेव्हा नदी उजळली. पाण्यावरून उठलेला विलोल, सुवर्णकंपित प्रकाश कमानी चढून वर आला. त्या काळ्या कपाळावर, काळ्या गालांवर, काळ्याभोर ताठ मानेवर लहरत राहिला. एतिएनने कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर पाहिले. ओरडण्यासाठी उघडलेले त्याचे ओठ हळूहळू मिटले.

"चालू दे," तो कुजबुजला.

रुक्माला ते ऐकू गेले नाही. ती पैलतीरी पोचली आणि मान मागे टाकून हसली. पटकथेत नसलेले, मोकळे, खळाळते हसू. ते पाण्यावर पडले, कमानीकमानींतून घुमले, आणि वाहत, वाहत, दूर काळोखात गेले.