आखूड पायाखालची घडी

मित्रांनो, मला चार पाय आहेत. त्यांतले तीन सारखे आहेत आणि चौथा बोटभर आखूड. माझी सगळी कहाणी त्या बोटभर जागेत मावते, म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

मी गावातल्या सरकारी महाविद्यालयाचं पहिलं टेबल. महाविद्यालय हा शब्द तेव्हा जरा ढगळच होत होता. रिकामं पडलेलं धान्याचं गोदाम, छताला चिमण्या आणि दारावर पाटी, एवढाच पसारा. शेतातून, घरकामातून वेळ काढून कुणीही यावं आणि हाताला काम मिळेल असं काही शिकावं, अशी योजना होती. योजनेत टेबलाची तरतूद नव्हती. तेव्हा सुतारकाम शिकवणाऱ्या सरांनी पहिला धडा म्हणून मलाच करायला घेतलं. सगळे त्यांना सुतारसर म्हणत.

विद्यार्थी सात, मोजपट्टी एक. त्या दिवशी तीही गवंडी मागून घेऊन गेला होता. सर म्हणाले, "थांबा जरा." सगळे थांबले. एकीला मात्र थांबणं शक्य नव्हतं. तिची लेक शाळेतून सुटायची वेळ झाली होती. तिने ठरलेलं माप आपल्या विती-बोटांत बसवलं, करवत चालवली, माझा चौथा पाय भिंतीशी टेकवून ठेवला आणि धूम पळाली.

दुसऱ्या दिवशी मला उभं केलं आणि मी डुगडुगलो. वर्ग खो खो हसला.

"पोरी," सर चष्म्यावरून बघत म्हणाले, "तुझ्या वितीची तपासणी कुठल्या कचेरीत करून आणलीस?"

"चुकलं, सर. बाकीचे तीन पाय तेवढेच कापू का?"

"एकाचं कमी पडलं म्हणून तिघांना कापायचं? चांगला न्याय आहे!"

त्यांनी वेळापत्रकाची जादा प्रत घेतली, दाबून घडी केली आणि माझ्या पायाखाली सरकवली. मी स्थिर झालो. त्या पोरीचं नाव पडलं 'वीतभर', आणि एक रीतही पडली. दर वर्षी पहिल्या दिवशी सर गुडघ्यांवर बसून जुनी घडी काढत आणि सुतारवर्गाच्या नव्या वेळापत्रकाची घडी घालत. पाय नीट करायचं त्यांनी कधी मनावर घेतलं नाही. नव्या मुलांना ते तो पाय दाखवत आणि म्हणत, "आधी मोजा, मग कापा. घाई असेल तर दोनदा मोजा."

मित्रांनो, माझ्यावर काय काय झालं म्हणून सांगू! प्रवेशाचे अर्ज माझ्यावर भरले गेले, पहिली चाळीस पुस्तकं माझ्यावर मांडली गेली, शिक्षकांचा चहा सांडला तोही माझ्यावरच. मग गोदामाशेजारी इमारत उठली. तिच्यावर मजला चढला. शिवणकाम आलं, परिचारिकांचा वर्ग आला, संगणक आले, मुलींचं वसतिगृह झालं. साताचे सातशे झाले. वीतभरही वाढली. तिने शहरात जाऊन पदवी आणली, तीही गणिताची. इथेच शिकवू लागली आणि पुढे प्राचार्य झाली. तिच्या खोलीत आलेलं चकचकीत टेबल तिने परत पाठवलं आणि मला बोलावून घेतलं. इतका मान मला कधी मिळाला नव्हता.

आणि मग वरून पत्र आलं. ज्या वर्गाला बारापेक्षा कमी अर्ज येतील, तो बंद करावा. सुतारवर्गाला नऊ आले होते. सर सायकलवरून आसपासची गावं फिरले आणि दोघांना घेऊन आले. अकरा झाले. वीतभरने दोनदा वर लिहिलं. दोन्ही वेळा तेच पत्र परत आलं, फक्त तारीख वेगळी.

अर्जांच्या शेवटच्या दिवशी सर तिच्या खोलीत आले.

"बसा ना, सर."

"बसतो. एकच कमी आहे गं."

"बारा म्हणजे बारा म्हणतात. वर पट्टी घेऊन बसलेत."

"बरं आहे. निदान वितीने तरी मोजत नाहीत."

ती हसली नाही. "बारावा अर्ज मी भरू? माझ्या नावाने?"

"तू एकदा शिकलीस. फार चांगलं नाही, पण शिकलीस." सरांनी तिच्यापुढचा वर्ग बंद करण्याचा आदेश फिरवून वाचला. "कर सही. तुझ्यामागे सातशे पोरं आहेत. माझ्यापायी त्यांचं अडवू नकोस."

तिने माझ्यावरच सही केली. पेन इतकं रुतलं, की तिचं नाव अजून माझ्या फळीवर उमटलेलं आहे. सरांनी आपली प्रत उचलली, गुडघे मोडत खाली बसले आणि जुनी घडी काढली.

"यंदा वेळापत्रक नाही ना? मग हीच." आणि तो आदेश त्यांनी माझ्या पायाखाली सरकवला.

सरांना ग्रंथालयात नेमलं, पुस्तकांच्या मांडण्या सांभाळायला. मांडण्या लोखंडी होत्या. सुतारवर्गाच्या जागेत परीक्षेचं सभागृह झालं. तिथे कारखान्यातून टेबलं आली, सगळी सारख्या उंचीची, कुणाच्याही खाली काही नाही. पुढच्या तपासणीत जुनं सामान हटवा असा शेरा आला आणि मी घडीसकट अडगळीच्या खोलीत गेलो.

दोन वर्षांनी दार उघडलं. सर गेले होते. शोकसभेत तसबीर ठेवायला टेबल हवं होतं. "तेच आणा," ती म्हणाली होती. शिपायांनी मला उचललं. घडी मात्र अडगळीतच पडून राहिली.

सभागृहात माझ्यावर सरांची तसबीर ठेवली आणि मी डुगडुगलो. तसबीर हलली. शिपाई कुजबुजला, "मॅडम, कागद आणतो. घडी करून घालतो."

"राहू दे."

ती पुढे आली आणि माझा तो कोपरा खालून हाताने धरून उभी राहिली. भाषणं लांबली. भाषणं लांबतातच. तिने एकदा हात बदलला, पण तसबीर हलली नाही.

मित्रांनो, मी आता पुन्हा अडगळीत आहे. तुमच्या शाळेत एखादं टेबल डुगडुगत असेल, तर ते टाकून द्यायच्या आधी एकदा खाली वाका. तिथे एखादी घडी असेल. उलगडून वाचा आणि मग होती तशीच परत ठेवा. आणि घडी नसेलच, तर जरा वेळ हात लावून उभे राहा.