खंडारे बाईंची जागा

शाळा ट्रिब्युनलचा निकाल बाजूने लागला, तरी रेवती खंडारे बाईंना शाळेत रुजू व्हायला आणखी दोन महिने झगडावं लागलं. पहिल्यांदा गेल्या तेव्हा मुख्याध्यापक देवकते म्हणाले, "अध्यक्ष बाहेरगावी आहेत." पुढच्या खेपेला म्हणाले, "संस्थेचा ठराव व्हायचाय." शेवटी बाई वकिलाला सोबत घेऊन गेल्या, तेव्हा कुठे सहीसाठी हजेरीचं मस्टर पुढे सरकलं.

सहा वर्षांपूर्वी मुख्याध्यापकांच्या याच खोलीत अध्यक्ष नानासाहेब टाले त्यांना म्हणाले होते, "उद्यापासून येऊ नका." नानासाहेबांचा भाऊ जिल्हा परिषदेला उभा होता आणि शिक्षकांनी गावोगाव चिठ्ठ्या वाटाव्यात असं फर्मान निघालं होतं. बाकी सगळे गेले. बाई म्हणाल्या, "माझा वर्ग आहे." एवढाच गुन्हा. पुढे संस्थेनं बेधडक सांगितलं, बाईंनी स्वतःच राजीनामा दिला! तो खोटा ठरवण्यात त्यांची ऐन उमेदीची वर्षं गेली. आठवड्याच्या बाजारात ओळखीचे लोकही विचारायचे, "बाई, खरंच काढलं का हो, की काही भानगड?"

रुजू झाल्या त्या दिवशी आठवी ब वर विज्ञानाचा तास घेऊन बाई शिक्षकांच्या खोलीत येऊन बसल्या, तोच दारात एक माणूस उभा राहिला. अंकुश हिवराळे. बाईंना काढल्यावर त्यांच्या जागी घेतलेले सर.

"पोटावर पाय दिला बाई तुम्ही माह्या," ते ओरडले. "दोन लहान लेकरं हायेत मले. झालं समाधान?"

खोलीत सगळे कपबशीत बघत बसले. एक सर हळूच म्हणाले, "बिचारा." सहा वर्षांत बाईंना कुणी बिचारी म्हटलं नव्हतं. त्यांची कानशिलं तापली.

"मी काढलं तुम्हाला?"

"मंग कोणं? नानासाहेब सोता म्हणाले, सर, आमाले तुम्हीच पाहिजे होते, पण त्या बाईनं कोर्टातून ऑर्डर आणली."

"राऊत सर गेल्या वर्षी निवृत्त झाले. तेही विज्ञानच शिकवायचे. त्यांच्या जागेवर कोण आहे?"

नानासाहेबांच्या मेव्हण्याचा मुलगा त्या जागेवर होता, हे शाळेतल्या शिपायालाही ठाऊक होतं. जाहिरात नाही, मुलाखत नाही.

"तुम्ही त्याच्यापेक्षा किती जुने!" बाई म्हणाल्या. "घरी जायची पाळी त्याची, आणि पाठवलं तुम्हाला. भांडायला मात्र माझ्याकडे आलात."

"तुमचं काम झालं. आता सल्ला द्याले काय जाते?"

"सल्ला नाही. अपील करा, मी साक्ष देते."



दुसऱ्याच दिवशी नानासाहेबांचं बोलावणं आलं. त्यांनी बाईंना बसायला सांगितलं, हे पहिल्यांदाच.

"बाई, तुमची नोकरी तुम्हाला मिळाली. आता लोकाच्या लग्नात कशाला नाचता?"

"लोकाचं कसं? जागा माझ्याच नावानं गेली त्याची."

"शिक्षक काय, शोधले की ढिगानं मिळतात. शाळा मी काढली. माझ्या बापाच्या वावरात उभी आहे."

"वावर तुमचं असेल नानासाहेब. पगार सरकार देतं, आणि पोरं गावाची आहेत."

त्या आठवड्यात बाईंचं वेळापत्रक बदललं. विज्ञान काढून घेतलं. शेवटचे तास, तेही कार्यानुभवाचे. बाई तेही घेत राहिल्या.

हिवराळे पंधरा दिवस घुटमळले. मग त्यांची बायकोच एका सकाळी बाईंच्या घरी आली. "मॅडम, ते लाजतात. वकील कोणता केलता तुम्ही?" तिनं विचारलं.

साक्षीच्या दिवशी ट्रिब्युनलमध्ये संस्थेच्या वकिलानं हसत हसत विचारलं, "खंडारे मॅडम, तुमचा संस्थेवर राग आहे, खरं की नाही?"

"खरं आहे."

"म्हणजे रागापोटी साक्ष देताय."

"राग आहेच. पण राऊत सर काही माझ्या रागानं निवृत्त झाले नाहीत. जागा रिकामी होती, आणि ती हक्काच्या माणसाला सोडून अध्यक्षांच्या पाहुण्याला दिली."



निकाल हिवराळ्यांच्या बाजूनं लागला. गावात पेढे वाटायच्या आतच संस्था नागपूरला हायकोर्टात गेली आणि स्थगिती घेऊन आली. मेव्हण्याचा मुलगा अजून राऊत सरांच्या टेबलाशी बसतो. हिवराळे पोटासाठी दुसऱ्याच्या शिकवणीवर्गात शिकवतात. बाईंना संस्थेनं दूरच्या खेड्यातल्या शाखेत पाठवलं. दोन बस बदलून जावं लागतं. शिक्षणाधिकाऱ्यांकडे केलेली तक्रार धूळ खात पडली आहे.

परवा नागपूरची तारीख होती. बाईंनी आदल्या दिवशी रजेचा अर्ज दिला.

शाखेतले मुख्याध्यापक वैतागले. "परत कोर्ट? अहो, तुमची केस तर केव्हाच संपली."

"माझी संपली," बाई म्हणाल्या. "हिवराळे सरांची चालू आहे. रजा मंजूर करता, की बिनपगारी जाऊ?"

त्यांनी सही केली. तारखेच्या सकाळी बाई नागपूरच्या बसच्या थांब्यावर गेल्या, तर हिवराळे आधीच तिथे उभे होते.