ओरेस्तेंच्या नावाचा चित्रपट

मित्रांनो, मी एक जुना टाइपरायटर आहे. तुरिनजवळच्या कारखान्यात घडलो तेव्हा वाटले होते, एखाद्या वकिलाच्या कचेरीत जाईन, नोटिसा छापीन, मान मिळवीन. नशिबात निघाले रोममधले एक स्वयंपाकघर आणि माझे मालक ओरेस्ते.

ओरेस्ते चावट चित्रपट लिहीत. हसू आले ना? येऊ द्या. कोणाच्या तरी ओळखीच्या बंगल्यात बारा दिवसांत उरकायचे ते चित्रपट. दहाव्या पानाच्या आत नायिका न्हाणीघरात गेलीच पाहिजे, असा निर्मात्याचा दंडक. ओरेस्ते मुकाट्याने तिला पाठवीत. पण दार लागण्याआधी तिच्या तोंडी एखादे माणसासारखे वाक्य घालीत. मला त्या वाक्यांचा फार अभिमान वाटे.

पडद्यावर लेखक म्हणून यायचा कोणी हॅरी मॉसमन, म्हणजे ओरेस्तेच, खोट्या नावाने. चित्रपट विलायती वाटला की गर्दी होई, म्हणून सगळेच तसे करीत. अकरा वर्षे मी ते परके नाव छापले.

मग एका हिवाळ्यात त्यांनी एका विधवेचा प्रसंग लिहिला. नवऱ्याचे सदरे इस्त्री करता करता ती त्याच्याशी बोलते. दीडच पान, पण त्यासाठी बावीस कागद फाडले.

"टेबल मोकळं कर आता. पास्ता काय त्या यंत्रावर वाढू?" त्यांची बायको नोएमी म्हणाली.

"थांब गं. या वेळी माझं नाव लागणार आहे. तुझ्या आईला पण बोलाव."

"तुझ्या सिनेमाला? मला आई अजून काही वर्षं हवी आहे."

निर्माता कबूल झाला होता. "लाव बाबा तुझं नाव. वाचतंय कोण?"

चित्रीकरणाला मीही गेलो, ऐन वेळी काही बदलायचे झाले तर हाताशी असावे म्हणून. नटीने इस्त्री उचलली, डोळ्यांत पाणी आणले आणि म्हणाली, "एक, दोन, तीन, चार..." एकोणचाळीसपर्यंत. आमच्याकडे आवाज मागाहून भरतात, मग पाठांतर करतो कोण? ओरेस्तेंना हे नवे नव्हते. "डबिंगमध्ये येईल सगळं," ते म्हणाले, आणि डबिंगला गेलेच नाहीत. तिथे निर्मात्याला ते भाषण रडके वाटले. त्याने त्या हलत्या ओठांवर नळ दुरुस्त करणाऱ्याचा एक अचकटविचकट विनोद बसवला.

रविवारी दुपारी ओरेस्ते टाय बांधून नोएमीला चित्रपटाला घेऊन गेले. परत आल्यावर नोएमीने पास्त्यासाठी पाणी चढवले.

"नाव छान मोठं होतं," ती म्हणाली.

"हं."

"ती इस्त्रीवाली बाई जे बोलली, ते तूच लिहिलंस?"

एका शब्दात सांगता आले असते. पण त्यांनी टाय सोडला आणि म्हणाले, "नाव माझंच होतं ना."

पुढच्या पटकथेवर त्यांनी माझ्याकडून पुन्हा हॅरी मॉसमन छापून घेतले, आणि मरेपर्यंत तेच. ते दीड पान निर्मात्याकडून कधी परत आले नाही.

आता मी नोएमीच्या कपाटावर आहे. मित्रांनो, माझ्यावरची धूळ पुसा, नाही तर राहू द्या. पण तुमच्या घरात कोणी लिहीत असेल, तर ते एकदा त्याच्याच तोंडून ऐका. नोएमीला अजून वाटते, तो विनोद तिच्या नवऱ्याचा होता. विधवेचे ते भाषण मला अक्षरन् अक्षर पाठ आहे, पण माझ्यात कागद घालायला कोणी येत नाही.