आन्सेल्मो पेत्राक्काचं नाव

माझ्या बापाचं नाव आन्सेल्मो पेत्राक्का. मी ते मुद्दाम मोठ्यानं घेतो, कारण एके काळी ब्युनोस आयर्समधल्या एकाही वादकाला ते उच्चारायची हिंमत होत नव्हती.

हे पाप फाउस्तो इरिआर्तेचं. आमच्या रॉक बँडचा तो म्होरक्या, कीबोर्ड वाजवायचा, मी ड्रमवर. बँड मोडायचं ठरलंच होतं, कारण फाउस्तोला माद्रिदच्या एका रेकॉर्ड कंपनीनं बोलावलं होतं. जाण्याआधी एक शेवटचा अल्बम करायचा होता, 'लोखंडी पूल' नावाचा. जॅझ, टँगो आणि आमचा गोंगाट, सगळं एकाच पातेल्यात. टँगो म्हटला की बांदोनेऑन, म्हणजे दोन्ही हातांनी ताणून वाजवायची भात्याची पेटी, हवाच, आणि तो भाता मांडीवर घेऊन त्याला बोलता करणारा माझ्या बापासारखा माणूस आमच्या बाराकास भागात दुसरा नव्हता. फाउस्तो स्वतः घरी येऊन, हातापाया पडून त्याला घेऊन गेला.

स्टुडिओत बाप काचेच्या वेगळ्या खोलीत बसायला तयार होईना. "टँगोत माणसं एकमेकांचा श्वास ऐकून वाजवतात," म्हणाला, आणि खुर्ची ओढून थेट माझ्या ड्रमला खेटून बसला. वाजवलं असं की ध्वनिमुद्रण करणारा ओरास्यो तोंडातली सिगारेट पेटवायची विसरला.

मग टेप तुटली. थोड्या वेळानं दिवा फुटला. संध्याकाळी फाउस्तोचा सिंथेसायझर मुका झाला. टेप जुनी, दिवा त्याहून जुना, आणि सिंथेसायझरवर कॉफी सांडली होती ती फाउस्तोनंच. पण बाप घरी गेल्यावर हा दात काढत म्हणाला, "म्हातारा मुफा आहे रे!"

मुफा म्हणजे पांढऱ्या पायाचा. आमच्यात अशा माणसाचं नाव घेत नाहीत, आणि चुकून निघालंच तर पुरुष डावा हात खाली नेऊन आपला डावीकडचा ऐवज चाचपतात. हसू नका, डॉक्टर-वकीलही चाचपतात. गाण्याबजावण्याच्या धंद्यात हा शिक्का बसला की माणूस जिवंतपणी मेला.

फाउस्तोचा तो विनोद गावभर झाला. बाप ज्या नाचाच्या हॉलमध्ये तरुणपणापासून वाजवत होता, तिथून निरोप आला की उस्ताद, आता जरा विश्रांती घ्या. कोपऱ्यावरच्या कॅफेत त्याच्या शेजारचं टेबल रिकामं राहू लागलं. त्यानं बांदोनेऑन कपाटावर ठेवला आणि वर चादर टाकली. मी दात आवळून मनात म्हटलं, फाउस्तो, तुला धुळीला मिळवलं नाही तर बापाचं नाव लावणार नाही.

फाउस्तोनं बापाचं वादन टेपवरून पुसून टाकलं आणि त्या जागी सिंथेसायझर वाजवला. आम्ही ऐकायला बसलो, तर सिंथेसायझरच्या मागून बांदोनेऑन येतच होता.

"हा कुठून येतोय?" फाउस्तो पांढराफटक पडला.

"ड्रमच्या माइकमधून," ओरास्यो म्हणाला. "खेटून बसला होता ना म्हातारा. काढायचा तर ड्रम पुन्हा वाजवावे लागतील."

"मग वाजव की, लिवियो!"

"नाही वाजवत, जा."

"माद्रिदवाले टेपसाठी खोळंबलेत. नाक दाबतोस होय माझं?"

"तोंड उघडावं म्हणूनच. अल्बम असाच जाईल. आणि रविवारी निरोपाच्या कार्यक्रमात माझा बाप वाजवेल, आणि तू माइकवर त्याचं पूर्ण नाव घेशील. दोन्ही हात कीबोर्डवर ठेवून. नाहीतर शोध दुसरा ड्रमर."

आमचे ते वाकडेतिकडे ताल रविवारपर्यंत दुसऱ्या कुणाच्या बापाला बसले नसते. माद्रिदचा माणूस कार्यक्रमाला येणार होता. फाउस्तो शिव्या देत कबूल झाला.

बापाला तयार करणं अवघड गेलं. "नको रे पोरा," तो म्हणाला, "आणि मी खरंच तसा असलो तर?" हे ऐकलं आणि माझ्या अंगाची लाही लाही झाली. त्या हलकटानं माझ्या बापालाच स्वतःविषयी शंका घ्यायला लावली होती.

रविवारी दुपारी थिएटर भरलं. फाउस्तोच्या सिंथेसायझरची वायर माझ्या स्टुलाखालून जात होती. तिचा प्लग मी आधीच ढिला करून ठेवला होता. त्यानं नाव घेतलं की लाथ मारायची, एवढाच माझा बेत.

"बांदोनेऑनवर," फाउस्तो घसा खाकरत म्हणाला, "आन्सेल्मो पेत्राक्का."

सगळ्या थिएटरात कपड्यांची सळसळ झाली. फाउस्तोचा डावा हात पट्ट्यांवरून खाली जायला आसुसला होता, पण बिचाऱ्याला तो हलवायची सोय नव्हती. बाप वाजवू लागला. मी पाय उचलला आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला. गाढवा, आत्ता आवाज गेला तर तुझा बाप मुफा ठरेल, तोही सगळ्या गावाच्या साक्षीनं!

मग काय, डाव्या पायानं वाजवायच्या झांजेचा ताल सोडून तो ढिला प्लग मी डाव्या टाचेनं दाबून धरला. वैऱ्याचा आवाज टिकावा म्हणून घामाघूम झालो. बाप संपूर्ण वाजवून उठला तेव्हा लोक उभे राहिले होते. काही म्हणजे काही बिघडलं नव्हतं. तो वाकून नमस्कार करून समोरच्या पिझ्झाच्या दुकानात माझी वाट बघायला निघून गेला.

तो थिएटराबाहेर पडेपर्यंत मी दम धरला. फाउस्तोनं आपलं लांबलचक एकट्याचं वादन सुरू केलं. माद्रिदवाला पुढच्या रांगेत सरसावून बसला होता.

मी टाच उचलली.

फाउस्तो पट्ट्या बडवत राहिला, आवाज नाही. मागून कुणीतरी ओरडलं, "म्हातारा तर गेला! मग आता कुणामुळे?"

मी काठ्या खाली ठेवल्या. फाउस्तोकडे बघत, सगळ्यांना दिसेल असा, डावा हात सावकाश खाली नेला. आवाज सांभाळायला बाजूला उभ्या ओरास्योनंही नेला. मग रांगेमागून रांग. माद्रिदवाल्यानं शेजाऱ्याला विचारलं, हे काय चाललंय? शेजाऱ्यानं कानात सांगितलं, आणि त्याचाही हात गेला.

पिझ्झाच्या दुकानात बाप गरम तुकड्यावर फुंकर घालत होता. बांदोनेऑन त्याच्या मांडीवरच होता.

"माझ्यानंतर कसं झालं?" त्यानं विचारलं. "त्या फाउस्तोचं?"

आणि नाव तोंडातून निघताच त्याचा डावा हात टेबलाखाली गेला.