राखणीचं जहाज

हरिभाऊंनी छकड्यातला पितळी हंडा उतरवून तारामतीच्या उंबऱ्यापाशी ठेवला आणि धोतराच्या सोग्यानं त्याच्यावरची धूळ पुसली. काठावर कोरलेलं नाव वर आलं: चि. धनपाल. मुलाच्या बारशाला तिच्या माहेरून आलेला हंडा.

सरकारनं नेलेली वस्तू परत आणून दिली, हे निपाणीनं पहिल्यांदाच पाहिलं. गल्लीतल्या बायका आपापल्या नावाची भांडी ओळखून हसत घरात नेत होत्या.

गेल्या पाडव्याला जहाजाच्या पितळेसाठी ही भांडी गोळा करायला कचेरीनं हरिभाऊंनाच पाठवलं होतं. लढाईचं जहाज म्हटल्यावर तारामतीनं दार लोटून घेतलं होतं. पाणीसुद्धा गाळून पिणारं जैनाचं घर, ते मारामारीला हंडा कसा देणार? मग हरिभाऊंनी समजावलं, हे जहाज राखणीचं आहे, मालाच्या बोटींना सोबत करणारं. त्याचा पाण्यातला पंखा पितळेचा असतो. धनपाल मालाच्या बोटीवरच तारयंत्र सांभाळायला होता. तिनं हंडा स्वतः उचलून छकड्यात ठेवला होता.

"झालं व्हय जहाज, अण्णा?"

"न्हाय, आक्का. वरनं हुकूम आला. ते जहाज आता बांधायचं न्हाय. भांडी कोठारातच पडून होती."

"का बांधायचं न्हाय?"

हुकुमात कारण नव्हतं.

"पोरगा परवाच सुट्टी संपवून गेला. त्याच्या बोटीसंगं आता कोण जाणार?"

"देव हाय की," हरिभाऊ म्हणाले, आणि त्यांची त्यांनाच लाज वाटली.

तारामती आत गेली. तिनं परात आणली, बंब ओढत आणला. शेवटी पाण्याची घागर रिकामी करून आणली. घागरीच्या तोंडाला गाळण्याचं फडकं अजून बांधलेलं होतं. ते सोडून तिनं खांद्यावर टाकलं.

"पितळ कमी पडलं असंल. हे बी न्या. पन जहाज करा म्हणावं."

"आक्का, पितळंपायी न्हाय अडलं..."

"तुमी न्या तर."

खरं सांगायला हरिभाऊंची जीभ रेटेना. त्यांनी हंड्यासकट एकेक भांडं उचललं. रिकामा परतायचा छकडा भरून कचेरीकडे निघाला.

तारामती दोन पावलं मागून आली.

"हंडा वरच राहू दे, अण्णा," ती म्हणाली. "नाव दिसलं पायजे."